चरित्र अभिनेता डेव्हिड अब्राहम चेऊलकर आणि कुलाब्याचा बेने इस्रायली समाज

मुंबई-गोवा महामार्गावरील खांब, त्याच्या उत्तरेचे पेण, कुंडलिकेच्या दोन काठांवर वसलेली रोहा व अष्टमी आणि पश्चिमेला समुद्रकाठचे चौल हा सारा मुलूख पूर्वीच्या कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातला असून बेने इस्रायल या मराठीभाषक ज्यू समाजाची जुनी वस्ती याच भागात होती. घाण्यावर तेल गाळणे हा या समाजाचा परंपरागत धंदा होता आणि धर्माज्ञेप्रमाणे शनिवारी घाणा बंद राहत असल्यामुळे शेजारी त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. गावांच्या नावांवरून पेणकर, रोहेकर, अष्टमकर, चेऊलकर अशी त्यांची आडनावे रूढ झाली. अठराव्या शतकापासून यांतील कुटुंबे मुंबईत जाऊ लागली आणि पुढे सैन्य, कचेऱ्या व शाळा यांबरोबरच रंगभूमी आणि चित्रपट हेही त्यांच्या कर्तृत्वाचे क्षेत्र बनले.

पारशी मालकांच्या व्यावसायिक नाटक मंडळ्यांमधून वाढलेल्या, गुजराती व उर्दू नाटकांसाठी गाजलेल्या ‘पारशी रंगभूमी’चे बेने इस्रायली नाटककार जोसेफ डेव्हिड पेणकर यांच्या नाटकावरून अर्देशीर इराणी यांनी ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट काढला आणि तो १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात झळकला.

त्यानंतर सहा वर्षांनी, १९३७ मध्ये, मोहन भवनानी यांच्या ‘झांबो’मधून कायद्याचे पदवीधर असलेल्या डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांनी चित्रपटसृष्टीत प्रवेश केला आणि आडनाव गाळून केवळ ‘डेव्हिड’ या नावाने ते चार दशकांहून अधिक काळ पडद्यावर वावरले. नायक-नायिकेभोवतीचे काका, मामा, डॉक्टर, शेजारी अशा व्यक्तिरेखा जिवंत करणारा नट म्हणजे चरित्र अभिनेता. कथा त्याच्याभोवती फिरत नसली तरी तिच्यातील माणसांचे जग खरे वाटणे बरेचसे त्याच्यावर अवलंबून असते. ‘बूट पॉलिश’मध्ये (१९५४) डेव्हिड यांनी रंगवलेला जॉनचाचा स्वतः चोरटी दारू विकतो, तरीही अनाथ भावंडांना भीक न मागता कष्टाने जगण्याची शिकवण देतो, आणि हा अंतर्विरोध त्यांनी इतक्या मायेने पेलला की त्या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. १९६९ मध्ये ते पद्मश्रीचे मानकरी ठरले. पुढे ‘चुपके चुपके’ (१९७५), ‘गोलमाल’ व ‘बातों बातों में’ (दोन्ही १९७९) या चित्रपटांनी त्यांना नव्या पिढीच्या घरातले वडीलधारे माणूस केले.

ज्यू घरात जन्मलेल्या या नटाने पडद्यावर हिंदू आणि ख्रिस्ती कुटुंबांतील वडीलधारे सारख्याच आपलेपणाने साकारले. १९४८ नंतर बेने इस्रायलींपैकी बहुसंख्य इस्रायलला गेले आणि कुलाब्यातील त्यांची वस्ती विरळ झाली. म्हणूनच या मुलुखाचा इतिहास लिहिताना तेलाच्या घाण्यांची आणि प्रार्थनामंदिरांची नोंद जशी होते, तशीच भारतीय चित्रपटाच्या घडणीत पेणकर आणि चेऊलकर यांनी उचललेल्या वाट्याचीही व्हायला हवी.