मेलिना मर्कूरी

१९५५ सालीं कॅकोयानिस यांच्या ‘स्टेला’ या ग्रीक बोलपटांत मेलिना मर्कूरी प्रथम पडद्यावर आली, तेव्हां ती पस्तिशीच्या घरांत होती. या वयांत नटीला निरोप देण्याचीच सर्वत्र रीत! तिची स्टेला प्रियकरावर जीव टाकते, परंतु विवाहाचें बंधन पत्करीत नाहीं. तो सुरी घेऊन उभा असतांही त्याच्याकडे चालत जाते आणि मरते.

१९६७ सालीं ग्रीसमध्यें लष्करानें सत्ता बळकावली. तिनें परदेशांतून धिक्कार करतांच तिचें नागरिकत्व काढून घेण्यांत आलें. आपण ग्रीक जन्मलों, ग्रीकच मरूं, हें तिचें उत्तर. स्टेलाच बोलली म्हणाना! १९७४ सालीं लष्करशाही कोसळतांच ती परतली. १९८१ सालीं सांस्कृतिक खात्याची मंत्री झाली, आणि लंडनला नेलेलीं पार्थेनॉनचीं शिल्पें ब्रिटनकडे परत मागूं लागली. १९९४ सालीं ती निवर्तली, तोंवर तीं आलीं नव्हतीं.