चूक वैमानिकाची की खटक्याची?

१/ दुसऱ्या महायुद्धाचा काळ. बी-१७ हे अमेरिकी बॉम्बफेकी विमान धावपट्टीवर सुखरूप उतरते आणि पुढच्याच क्षणी पोटावर बसते. चाके आत घेतलेली असतात ती खुद्द वैमानिकानेच! असे अपघात वारंवार घडत आणि चौकशीचा निष्कर्षही ठरलेला असे : 'वैमानिकाची चूक'.

२/ लष्करासाठी काम करणारे तरुण मानसशास्त्रज्ञ अल्फोन्स चपॅनिस यांचे या उत्तराने समाधान झाले नाही. सी-४७ या मालवाहू विमानाचे वैमानिक ही चूक करीत नव्हते. मग निष्काळजी माणसे नेमकी बी-१७ च्याच वाट्याला आली होती काय?

३/ उत्तर कॉकपिटमध्ये होते. बी-१७ मध्ये चाकांचा खटका आणि फ्लॅप्सचा, म्हणजे पंखांच्या मागील झडपांचा खटका शेजारी शेजारी होते आणि हाताला अगदी सारखे लागत. उतरल्यावर फ्लॅप्स मिटायला गेलेला थकलेला हात चाकांच्या खटक्यावर पडे.

४/ चपॅनिस यांनी चाकांच्या खटक्याला रबरी चाक बसवले, फ्लॅप्सच्या खटक्याला पाचर. आता न पाहताही बोटांना ओळख पटू लागली. आजही प्रवासी विमानांच्या अमेरिकी नियमावलीत या दोन मुठींचे आकार असेच ठरवून दिलेले आहेत.

५/ १९४७ मध्ये पॉल फिट्स आणि रिचर्ड जोन्स यांनी 'वैमानिकाच्या चुका' ठरवलेले ४६० प्रसंग तपासले. त्यांतील सुमारे निम्मे एका खटक्याऐवजी दुसराच हाताळल्याचे होते. इतकी माणसे एकाच जागी चुकत असतील, तर दोष त्या जागेत शोधायला हवा.

६/ हा विचार विमानापुरता राहिला नाही. लक्ष्य जितके दूर आणि लहान, तितका तिथे पोहोचायला हाताला वेळ अधिक, हा नियम फिट्स यांनी १९५४ मध्ये मांडला. १९७८ मध्ये झेरॉक्सच्या संशोधकांनी संगणकाचा माऊस याच नियमाने पारखला.

७/ हाताप्रमाणे स्मृतीलाही मर्यादा असते. ३० ऑक्टोबर १९३५ रोजी बी-१७ चा पहिला नमुना उड्डाण करताच कोसळला. शेपटीची नियंत्रणे जखडणारी कडी काढायची राहून गेली होती. त्यातून वैमानिकांची तपासणी-यादी रूढ झाली.

८/ तीच कल्पना पुढे शस्त्रक्रियागृहात पोहोचली. २००८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने १९ कलमी यादी आणली. तिच्यामागील पथकाचे प्रमुख होते विदर्भातून अमेरिकेत गेलेल्या डॉक्टरांचे पुत्र, डॉ. अतुल गावंडे. आठ शहरांतील रुग्णालयांच्या पाहणीत शस्त्रक्रियेनंतरच्या मृत्यूंचे प्रमाण १.५ वरून ०.८ टक्क्यांवर आले.

९/ इतिहास वाचताना पराभव आणि अपघात यांचे खापर फोडण्यासाठी आपण एखादे नाव शोधतो. ते नाव सापडल्यावर आणखी एक प्रश्न विचारावा : त्या क्षणी त्या माणसाच्या डोळ्यांसमोर आणि हाताखाली नेमके काय होते?