'राजीनामा' : एका शब्दाच्या आधारे फौजदारी तडजोडीचा विचार

आजच्या मराठीत 'राजीनामा' या शब्दाचा अर्थ पदत्याग एवढाच उरला आहे. मराठेकालीन निवाड्यांच्या कागदपत्रांत मात्र त्याचे कार्य निराळे होते. पंचांपुढे चौकशी सुरू होण्यापूर्वी वादी व प्रतिवादी दोघेही राजीनामा लिहून देत; होईल तो निवाडा आम्हांस मान्य आहे, असा त्याचा आशय असे. हरलेल्या पक्षाकडून पुढे 'यजितखत' घेतले जाई. पराभवही त्याच्याच लेखणीने नोंदवून घ्यावा, ही त्या पद्धतीची खूण होय. डॉ. वि. त्र्यं. गुणे यांच्या १९५३ च्या ग्रंथात या दस्तऐवजांचा साक्षेपाने परामर्श घेतलेला आहे.

यावरून त्या काळी अपराध हा केवळ दोन पक्षांचा खासगी मामला होता, असे अनुमान काढणे मात्र योग्य होणार नाही. जिंकणाऱ्याकडून सरकार 'हरकी' घेई आणि दोषी ठरलेल्याकडून 'गुन्हेगारी'. हा दुसरा शब्द आज अपराधप्रवृत्तीचा वाचक आहे. तेव्हा तो दंडाचे नाव होता. विशेष क्रूरपणे न केलेल्या खुनालाही बहुधा दंडच होत असे, असे एल्फिन्स्टनने १८१९ च्या आपल्या अहवालात नमूद केले आहे. पक्ष राजी झाले तरी सरकारचा हिस्सा सुटत नसे, इतकेच.

इंग्रजी अमलात हे नाते पालटले. बंगालमध्ये इस्लामी दंडविधानानुसार खुनाला क्षमा करण्याचा किंवा रक्तमूल्य घेण्याचा अधिकार मृताच्या वारसांना होता. कॉर्नवॉलिसने १७९० मध्ये तो काढून घेतला. वारस राजी असोत वा नसोत, फिर्याद आता सरकारची झाली. १८६० च्या दंडसंहितेने तर अपराध्यास वाचविण्यासाठी मोबदला घेणे वा देणे हाच अपराध ठरविला (कलमे २१३ व २१४). तडजोडीला वाव राहिला तो अपवादापुरता. आणि १८८२ च्या फौजदारी कार्यपद्धती संहितेने कलम ३४५ मध्ये त्या अपवादाची यादीच दिली. शब्दाची वाटचालही या संदर्भात पाहण्याजोगी आहे. विल्सनच्या १८५५ च्या कोशात 'राजीनामा' म्हणजे फिर्यादीने आपले समाधान झाल्याचे लिहून देऊन दावा सोडणे. मुंबई इलाख्यातील महसुली व्यवहारात तोच शब्द रयतेने जमिनीचा कबजा सोडण्याला लागला. 'संमती' हा मूळ अर्थ मागे पडून 'सोडणे' हाच भाग शिल्लक राहिला आणि नोकरी सोडणे हा आजचा अर्थ तेथून फार दूर नाही. अर्थसंकोचाचे याहून स्वच्छ उदाहरण क्वचितच आढळेल.

यादीची ती रचना १९७३ च्या संहितेच्या कलम ३२० मधून आजच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५९ पर्यंत चालत आली आहे. काही अपराध पीडित व्यक्ती स्वतः मिटवू शकते, काहींना न्यायालयाची परवानगी लागते. मिटल्यावर आरोपी निर्दोष सुटल्यासारखाच असतो. यादीबाहेरच्या प्रकरणांत उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार कोठवर चालतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये ग्यानसिंग प्रकरणात सांगितले : मुख्यतः दिवाणी स्वरूपाचा वाद असेल तर खटला रद्द करता येईल, खून, बलात्कार, दरोडा यांत नाही.

तथापि खरी अडचण यादीत नसून संमतीत आहे. राजी कोण झाले, आणि कोणाच्या दबावाखाली? गावच्या पंचांपुढे दुबळ्या पक्षाने दिलेल्या राजीनाम्यावर हा प्रश्न कागदात उमटत नाही. कागद सर्वांना सारखाच राजी दाखवितो. राजस्थानातील एका शिक्षकावर अल्पवयीन विद्यार्थिनीच्या लैंगिक छळाचा आरोप होता. मुलीच्या वडिलांनी तडजोड केली, आणि उच्च न्यायालयाने ती ग्राह्य धरून खटला रद्द केला. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा चालू करण्याचा आदेश दिला. दाद मागणारे त्रयस्थ नागरिक होते. तडजोडीचा कागद लिहून दिला होता तो वडिलांनी.