शासनाचे आश्वासन आणि देवस्थानची जमीन : ‘एस्टॉपेल’ तत्त्वाचा आधार किती?

सर्व भाविक व विश्वस्त सभासदांच्या माहितीसाठी.

रायसेन मार्गावरील आपल्या आनंद नगर परिसरात रस्तारुंदीकरणाचा विषय निघाला की, “देवळाची जागा वगळू असे साहेबांनी सांगितले आहे” हे वाक्य हमखास ऐकू येते. अशा शब्दावर संस्थेने किती विसंबावे, याचा विचार येथे केला आहे.

ज्याच्या शब्दावर विसंबून दुसऱ्याने आपली स्थिती बदलली, त्याला तो शब्द मागाहून नाकारता येऊ नये, या तत्त्वास कायद्यात ‘एस्टॉपेल’ म्हणतात. आपल्याकडील हिंदी कायद्यांत त्यासाठी ‘विबंध’ हा शब्द आहे. 1872 च्या पुरावा कायद्यात ते कलम 115 मध्ये होते. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते कलम 121 मध्ये आहे.

हे तत्त्व शासनासही लागू पडते काय, याचे बोधप्रद उदाहरण मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटचे, म्हणजेच आजच्या महात्मा जोतिबा फुले मंडईचे आहे. 1865 साली सरकारच्या सांगण्यावरून नगरपालिकेने जुन्या बाजारांची जागा सोडली. मंडई सर्व लोकांच्या उपयोगाची असल्याने नव्या जागेस भाडे घेऊ नये, असा ठराव सरकारने केला. त्यावर विसंबून पालिकेने सुमारे 17 लाख रुपये खर्चिले. मात्र रीतसर दानपत्र झालेच नाही! 1940 साली जिल्हाधिकाऱ्यांनी त्याच जागेवर सारा बसविला : आरंभी 7,500 रुपये, तो पन्नास वर्षांत 30,000 पर्यंत वाढणार. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि 1951 साली जिल्हाधिकाऱ्यांचे अपील फेटाळले गेले. बहुमताने आधार घेतला तो सत्तर वर्षांहून अधिक काळच्या अखंड ताब्याचा. दिलेल्या वचनाने सरकार बांधले जाते, ही भूमिका न्या. चंद्रशेखर अय्यर यांनी स्वतंत्रपणे मांडली. पुढे 1979 च्या मोतीलाल पदमपत शुगर मिल्सच्या निकालात तिलाच बळ मिळाले. त्यापूर्वी, 1970 मध्ये, जकातमाफीचे वचन मोडू पाहणाऱ्या उल्हासनगर नगरपरिषदेसही न्यायालयाने सार्वजनिक संस्था वचनातून मोकळी नसते असे बजावले होते.

येथपर्यंत वाचून कोणी निश्चिंत होऊ नये. वरील सर्व वाद सारा, कर व जकात यांचे होते. भूसंपादन हा कायद्याने दिलेला अधिकार आहे आणि कायद्याविरुद्ध एस्टॉपेल चालत नाही. ज्या अधिकाऱ्यास जमीन वगळण्याचा अधिकारच नाही, त्याच्या शब्दाने शासन बांधले जात नाही; मग तो शब्द कितीही सद्‌भावनेने दिलेला असो. संपादनातून माघार घेण्याची मुभा 1894 च्या कायद्यात कलम 48 अन्वये होती व 2013 च्या कायद्यात कलम 93 अन्वये आहे, पण ती जमिनीचा ताबा घेतला जाईपर्यंतच. ताब्यानंतर दिलेले “परत करू” हे आश्वासन न्यायालयात टिकणे कठीण, असे आमचे मत आहे.

तोंडी शब्दावर विसंबण्यात खरा धोका आहे तो मुदतीचा. 2013 च्या कायद्याखाली प्राथमिक अधिसूचना प्रसिद्ध झाल्यापासून 60 दिवसांत लेखी हरकत घ्यावी लागते. राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली तर अवघ्या 21 दिवसांत. आश्वासनाच्या भरवशावर हे दिवस निघून गेले की सुनावणीची संधी हातची जाते, आणि “आम्हांस सांगितले होते” हे सिद्ध करण्यास कागद नसतो.

यास्तव कोणत्याही अधिकाऱ्याने काही आश्वासन दिल्यास त्याच आठवड्यात त्याचा उल्लेख करणारे पत्र देऊन आवक क्रमांक व शिक्क्यासह पोच घ्यावी. त्या आश्वासनावर विसंबून सभामंडप, कुंपण वा धर्मशाळेवर खर्च केल्यास ठराव, पावत्या व नकाशे एकत्र ठेवावेत. हरकत मात्र मुदतीत, आश्वासन असो वा नसो, दाखल करावीच. ज्या सभासदांकडे देवस्थानच्या जागेसंबंधी जुने खसरा-उतारे किंवा शासकीय पत्रे असतील, त्यांनी त्यांच्या प्रती कार्यालयात आणून द्याव्यात, ही विनंती.