परवाना कीं मर्जी?

नगरसंस्थेचा परवाना ही दिसावयास क्षुल्लक बाब असते. परंतु ज्याचें पोट एखाद्या लहानशा धंद्यावर चालतें, त्याला त्या कागदावांचून दुसऱ्या दिवशीं दुकानाची फळी काढतां येत नाहीं. म्हणूनच परवाना कोणत्या नियमानें द्यावा व कोणत्या कारणानें नाकारावा, हा प्रश्न राज्यकारभारांतील मोठ्या प्रश्नांइतकाच महत्त्वाचा ठरतो. अमेरिकेंत त्याचा निवाडा एका चिनी परिटाच्या खटल्यानें झाला.

कॅलिफोर्नियांत १८४८ सालीं सोनें सांपडलें आणि त्यापाठोपाठ हजारों चिनी मजूर तेथें गेले. पुढें खाणींतील व रेल्वेचीं कामें आटलीं, तेव्हां त्यांपैकीं पुष्कळांनीं सॅनफ्रान्सिस्को शहरांत कपडे धुण्याचा धंदा धरला. त्यास भांडवल थोडें लागे, श्रम मात्र अपार. १८८० सालीं शहरांतील सुमारें ३२० धुलाईघरांपैकीं सुमारें २४० चिनी लोकांचीं होतीं. आणि ३१० च्या आसपास लाकडी इमारतींत होतीं. शहरांतील नऊ-दशांश घरेंही लाकडीच होतीं.

त्याच वर्षीं नगरमंडळानें नियम केला कीं, लाकडी इमारतींत धुलाईघर चालविण्यास मंडळाची संमति घेतली पाहिजे. विटांच्या किंवा दगडी इमारतीस ती नको. आगीचें भय हें कारण खोटें नव्हतें. तें शहर पूर्वीं अनेकदां जळालें होतें. परंतु संमति कोणास द्यावी व कोणास नाकारावी, याचें एकही मोजमाप नियमांत नव्हतें.

‘यिक वो’ या नांवाच्या धुलाईघराचा मालक बावीस वर्षें एकाच जागीं धंदा करीत होता. अग्निरक्षकांचा व आरोग्याधिकाऱ्याचा दाखला त्याला १८८४ सालीं मिळालेला होता. तरीही १८८५ सालीं त्याचा अर्ज नामंजूर झाला. त्याच्यासारख्या दोनशेंहून अधिक चिनी अर्जदारांची हीच गत झाली. उलट, इतर सुमारें ऐशीं अर्जदारांपैकीं एक वगळतां सर्वांस संमति मिळाली. यिक वोनें धंदा चालूच ठेवला. त्याला दहा डॉलर दंड झाला. तो न भरल्यामुळें दहा दिवसांची कैद त्याच्या वांट्यास आली.

राज्याच्या वरिष्ठ न्यायालयानें त्याचें म्हणणें मान्य केलें नाहीं. तेव्हां प्रकरण संघराज्याच्या सर्वोच्च न्यायालयापुढें गेलें. १० मे १८८६ रोजीं न्यायमूर्ति स्टॅन्ली मॅथ्यूज यांनीं एकमतानें झालेला निर्णय दिला. त्याचें सार असें : ज्या अधिकारास कांहींच बंधन नाहीं, तो विवेक नव्हे, निव्वळ मर्जी होय, आणि कायदा वरकरणी निःपक्षपाती असला, तरी तो दुजाभावानें अंमलांत आणल्यास समतेचा भंग होतोच. १८६८ च्या चौदाव्या घटनादुरुस्तीचें संरक्षण केवळ नागरिकांस नव्हे, तर प्रत्येक व्यक्तीस आहे, असेंही न्यायालयानें ठरविलें. चिनी माणसास त्या काळीं नागरिकत्व मिळूंच शकत नसे, हें लक्षांत घेतलें म्हणजे या वाक्याचें मोल कळतें.

नगरसंस्थेनें नियम करूंच नयेत, असा मात्र याचा अर्थ नव्हे. धुलाईघरें रात्रीं बंद ठेवण्याचा त्याच शहराचा नियम त्याच न्यायालयानें १८८५ सालीं उचलून धरला होता. कारण तो सर्वांस सारखाच लागू होता. तसेंच, एका निकालानें द्वेषही मावळला नाहीं. चिनी मजुरांस देशांत येण्यास बंदी करणारा १८८२ चा कायदा १९४३ सालींच रद्द झाला.

भारताच्या राज्यघटनेच्या १४ व्या अनुच्छेदांतही शब्द ‘व्यक्ति’ हाच आहे, आणि आपल्या सर्वोच्च न्यायालयानें १९५२ सालीं अन्वर अली सरकार खटल्यांत यिक वोच्या निर्णयाचा विचार केला. १९५४ सालीं उत्तर प्रदेशांतील कोळशाच्या परवान्यांचा बेबंद अधिकारही याच तत्त्वावर अवैध ठरला. अर्जदारानें परवाना मागावा, दान नव्हे. आणि अधिकाऱ्यानें नकार द्यावा तो कारणासह, एवढाच या इतिहासाचा बोध आहे.