आप्पांची पिवळी फाईल

आपल्या मंडळात फराळाच्या पानावर गप्पा रंगल्या की विषय हमखास गावाकडच्या जमिनीवर येतो. कुणाच्या शेतातून हायवे गेलाय, कुणाची जमीन धरणात. "कोर्टात केस चालू आहे अजून," असं म्हणून माणूस चकलीचा तुकडा मोडतो आणि विषय बदलतो. माझ्याकडे अशा एका केसची अख्खी फाईल आहे. वडील गेल्यावर भारतातून आणलेल्या सामानात ती आली. त्या फाईलमुळे मी या कायद्याचा इतिहास वाचायला लागलो.

सरकारने जमीन घेण्याची पद्धत कंपनी सरकारपासूनची. १८५७ च्या कायद्यात मोबदल्यावर एकमत झालं नाही तर पंच नेमत, आणि त्यांचा निर्णय शेवटचा. १८७० च्या कायद्याने अशी भांडणं दिवाणी न्यायालयात नेण्याची सोय केली. मग आला १८९४ चा भूसंपादन कायदा. इंग्रज गेले तरी तो राहिला, तो थेट २०१३ पर्यंत! मुळशीचं धरण याच कायद्याच्या जोरावर झालं. १९२१ साली तिथे सेनापती बापटांनी सत्याग्रह केला. पण सत्याग्रह सगळीकडे होत नाही. बाकीच्यांच्या वाट्याला येते ती तारीख.

आमची सातारा जिल्ह्यातली अडीच एकर कालव्यात गेली. कलम ४ ची अधिसूचना १९७८ ची, निवाडा १९८० चा. बाजारभाव धरायचा तो कलम ४ च्या दिवशीचा, नंतर कितीही वर्षं जावोत. शेतात विहीर होती, ऊस होता, पण निवाड्यात जमीन लागली जिरायत. कलम १८ प्रमाणे सहा आठवड्यांत अर्ज केला तर प्रकरण कोर्टात जायचं. पैसे घेताना मात्र "विरोध नोंदवून घेतले" असं लिहावं लागे. ते लिहिलं नाही की कलम १८ चा हक्क संपला. आप्पा शिक्षक होते, त्यांनी लिहिलं. शेजारच्या तात्यांनी अंगठा दिला आणि पैसे घेऊन घरी आले. तीच अधिसूचना, बांधाला लागून जमीन!

कोर्टात भाव ठरे आजूबाजूच्या खरेदीखतांवरून. इथे खरी गंमत आहे. स्टँप ड्यूटी वाचवायला आपल्या लोकांनी वर्षानुवर्षं खतात किंमत कमी दाखवलेली. सरकारी वकील तीच खतं पुढे करत. शेतकऱ्याने उभं राहून काय सांगायचं? की आम्ही कागदावर खोटं लिहिलं होतं? आप्पांच्या वकिलांनी विहिरीचा पंचनामा, पिकाच्या नोंदींचे सातबारे आणि साखर कारखान्याच्या पावत्या लावल्या.

मध्येच १९८४ साल उजाडलं. जानेवारीत नवी मुंबईच्या जमिनींसाठी उरण भागात आंदोलन झालं, दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली. गोळीबारात पाच जण गेले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये केंद्राने कायदा सुधारला. दिलासा रक्कम १५ टक्क्यांवरून ३० टक्के झाली, व्याज वाढलं, आणि नवीन कलम आलं २८-अ. ज्यांनी कलम १८ चा अर्ज केला नव्हता, त्यांनाही त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याच्या निकालाप्रमाणे वाढीव मोबदला मागता येणार होता. म्हणजे अंगठा देणाऱ्यांसाठीच ते कलम. अट एकच, कोर्टाच्या निकालापासून तीन महिन्यांत अर्ज.

आमचा निकाल जून १९८७ मध्ये लागला. विहीर मान्य झाली, भाव वाढला. ऑगस्टमध्ये मी अमेरिकेला आलो. तिकिटासाठी आप्पांनी कर्ज काढलं ते या निकालाच्या भरवशावरच.

फाईलमध्ये वकिलांचं जुलै महिन्याचं पत्र आहे. अभिनंदन, नकलेचा खर्च, आणि शेवटी दोन ओळी: शेजाऱ्यांना कलम २८-अ खाली अर्ज करता येईल, मुदत सप्टेंबरपर्यंत, कृपया कळवावे. समासात आप्पांच्या अक्षरात लिहिलंय, "ऑक्टोबरात वाचले. चूक माझी."

त्या जुलैत घरात माझा व्हिसा, माझ्या बॅगा आणि माझी लोणची चालली होती. आलेलं टपाल कोण बघणार? आप्पा हे मला कधी बोलले नाहीत. मागच्या खेपेला मी तात्यांच्या मुलाला पत्र दाखवलं. त्याने ते दोनदा वाचलं. म्हणाला, "मास्तरांनी तेव्हाच येऊन सांगितलं होतं बाबांना. बाबा म्हणाले, जाऊ द्या, पोरगं लांब चाललंय तुमचं." मला काय बोलावं सुचेना.

१ जानेवारी २०१४ पासून नवा कायदा आला. दिलासा रक्कम आता १०० टक्के आहे, खेड्यात बाजारभावाला दुपटीपर्यंत गुणक आहे. पण शेजाऱ्याच्या निकालावरून वाढीव रक्कम मागायची मुदत आजही तीनच महिने, कलम ७३ खाली.

तेव्हा मंडळी, गावाकडे सातबाऱ्यावर नाव असेल तर या दिवाळीत फोन करताना एक विचारा: कागद येतो तो कोण उघडतं? आणि निकाल आपल्या बाजूने लागला, तर बांधापलीकडे आधी कळवा.