दुसरा भिडू

टीव्ही गेमच्या डब्याला दोन रिमोट असत, पण दोन्ही सारखे नसत. पहिल्यावर स्टार्ट आणि सिलेक्टची बटणं, दुसऱ्यावर ती जागा कोरी. गेम सुरू कधी करायचा, मध्येच थांबवायचा की नाही, हे ज्याचं घर त्याच्या हातात. लोणावळ्यात वर्षाला ४,००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. जून ते सप्टेंबर पोरांना अंगण असं उरतच नाही. नव्वदच्या दशकात तिथं त्या बिनबटणाच्या रिमोटसाठीही नंबर लागत.

ही काटकसर नक्कल करणाऱ्यांची नव्हती. आपल्याकडचे बहुतेक डबे ज्याची नक्कल होते, तो निन्टेन्डोचा फॅमिकॉम १५ जुलै १९८३ रोजी जपानात विक्रीला आला. त्याच्याच दुसऱ्या रिमोटवर स्टार्ट-सिलेक्ट नव्हतं. त्याऐवजी बारकासा मायक्रोफोन बसवला होता. नकलांनी मायक्रोफोन गाळला आणि कोरी जागा तेवढी ठेवली. यजमान आणि पाहुणा हा भेद मुळातच होता म्हणायचा.

त्या डब्यांवर आपण खेळलो ते ‘काँट्रा’, ‘मारिओ’ आणि रणगाडे. ‘काँट्रा’च्या धबधब्यावर एकजण भराभर वर चढला की खालचा पडद्याबाहेर जाऊन मरायचा, आणि त्यावरून झालेली भांडणं काहींची अजून मिटलेली नाहीत. पण त्याच यंत्रावर, त्याच काळात, जपानी पोरांना वेड लावणारे खेळ वेगळेच होते. गावोगाव हिंडायचं, भेटेल त्याच्याशी बोलायचं, पैसे साठवून बरी तलवार घ्यायची, आणि दिवसचे दिवस पुरणारी एक कथा तडीस न्यायची. हे रोल-प्लेइंग खेळ आपल्या गल्लीत जवळजवळ आलेच नाहीत. त्यात वाचावं लागे, आणि मजकूर जपानीत. आज सोडलं तिथून उद्या सुरू करायचं तर पुढेपुढे कॅसेटमध्ये बॅटरी लागू लागली. ‘९९९९ इन १’ अशी बढाई मारणाऱ्या स्वस्त कॅसेटमध्ये ती कोण घालणार?

या घराण्याचा मूळपुरुष मात्र यंत्र नव्हताच. १९७४ साली अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ छापलं. टेबलाभोवती चार-पाच मित्र, त्यातला एक सूत्रधार, बाकीचे योद्धा, मांत्रिक, चोर. हातात फासे आणि कागद. टोळकं नसेल तर खेळच नाही. ते टोळकं १९८१ मध्ये ‘विझर्ड्री’नं संगणकात घातलं आणि एक विचित्र गोष्ट घडली. सहाजणांची तुकडी तशीच राहिली, पण ती हाकणारा माणूस एकच उरला. पाच मित्रांची गरज संपली.

१९८३ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या एका संगणक-प्रदर्शनात युजी होरी आणि कोइची नाकामुरा या दोन तरुण जपान्यांनी हा ‘विझर्ड्री’ पाहिला. २७ मे १९८६ ला त्यांचा ‘ड्रॅगन क्वेस्ट’ आला, तो अवघ्या ६४ किलोबाइटच्या कॅसेटवर. जागा वाचवण्यासाठी कताकाना लिपीतली मोजकीच अक्षरं घेतली होती. आणि तुकडी? तीही गेली, नायक एकटाच. खेळ थांबवताना पडद्यावर वीस अक्षरांचा मंत्र यायचा, तो वहीत उतरवून ठेवायचा. एक अक्षर चुकलं की सगळं पाण्यात. पुढच्याच वर्षी दुसऱ्या भागात नायकाला दोन सोबती मिळाले, तेव्हा हा मंत्र ५२ अक्षरांपर्यंत लांबला. माझ्या मते या खेळांतला पहिला खरा दुसरा भिडू तोच: हातात काही नसलेला, शेजारी वही घेऊन बसलेला, अक्षर अन् अक्षर पडताळणारा. यंत्रानं त्याची दखल घेतली नाही, पण त्याच्यावाचून अडायचं.

दखल घ्यायची एक तऱ्हा कंजूष होती. ‘फायनल फँटसी ६’मध्ये (१९९४) सेटिंगात जाऊन तुकडीतली एकदोन माणसं दुसऱ्या रिमोटला जोडता येत. लढाई लागली की त्यानं बटणं दाबायची. लढाई संपली की गावात फिरणं, सामान घेणं, लोकांशी बोलणं सगळं पहिल्याकडे. दुसरा म्हणजे लिंबूटिंबू. खेळात घेतलाय, पण त्याच्यावर राज्य नाही.

खरी उडी त्याआधीच मारून झाली होती. ६ ऑगस्ट १९९३ ला स्क्वेअर कंपनीनं ‘सेइकेन देन्सेत्सु २’ काढला. जपानबाहेर तो ‘सीक्रेट ऑफ माना’ म्हणून ओळखला जातो. मुळात तो निन्टेन्डोच्या यंत्राला जोडायच्या सीडीसाठी आखला होता. निन्टेन्डो आणि सोनीचं फाटलं, सीडी आलीच नाही, आणि काटछाट करून खेळ कॅसेटमध्ये कोंबावा लागला. त्या ओढाताणीच्या खुणा ठिकठिकाणी दिसतात. पण त्यात तिघं एकाच वेळी खेळू शकत, आणि कुणीही मधूनच येऊ शके, मधूनच उठू शके. आईनं हाक मारली तर जा, जेवून ये. तोवर तुझं पात्र यंत्र सांभाळेल. ‘काँट्रा’त मागं राहिला तो मेला. इथं मागं राहिलेला झाडात अडकला तर पडदाच पुढं सरकत नाही, सगळ्यांनी थांबायचं. एकानं मंत्र निवडायला गोल मेनू उघडला की बाकीच्यांचे हात जागीच. त्यामुळे ‘अरे लवकर!’ हे या खेळाचं पार्श्वसंगीत झालं. हिरोकी किकुता यांचं मूळ संगीत अर्थात फार चांगलं आहे.

आपल्याकडे हा खेळ पोचला तो कॅसेटमधून नव्हे, एम्युलेटरमधून, म्हणजे संगणकाला जुन्या यंत्राचं सोंग घ्यायला लावून. अख्खा ‘सीक्रेट ऑफ माना’ २ एमबीचा. आज एका फोटोला त्याहून जास्त जागा लागते. हे सगळं चोरीचंच होतं, त्यात पावित्र्य शोधू नये. तळेगाव, लोणावळ्याकडच्या इंजिनीअरिंगच्या होस्टेलांत एकाच कीबोर्डवर दोघं बसायचे. एकाकडे बाणाच्या कळा, दुसऱ्याकडे डावीकडची अक्षरं, मांडीला मांडी लावून. त्यात एक ग्यानबाची मेख होती. स्वस्त कीबोर्डला एका वेळी दाबलेल्या ठरावीक कळाच कळतात. पहिला तिरपा पळत वार करत असेल तर दुसऱ्याची तलवार उठायचीच नाही. दोष तारेचा, शिव्या भिडूला. आणि २००५ नंतरची भारनियमनाची वर्षं! मूळ खेळात ठरावीक ठिकाणी पोचल्याशिवाय प्रगती जतन होत नाही, आणि वीज काही तिथवर थांबत नाही. यूपीएसनं टूं-टूं सुरू केलं की एकानं लढत राहायचं आणि दुसऱ्यानं एम्युलेटरची सेव्हची कळ गाठायची. स्क्वेअरनं योजलेल्यापेक्षा हे सहकार्य जास्त कसाचं होतं.

तिकडे जपानात दरम्यान तारा वाढत होत्या. २७ फेब्रुवारी १९९६ ला ‘पोकेमॉन’ लाल आणि हिरव्या अशा दोन रूपांत निघाला, आणि काही प्राणी एकातच ठेवले. मित्राकडे दुसरी कॅसेट आणि जोडायची तार नसेल तर संग्रह अपुराच. आपल्याकडे ‘पोकेमॉन’ आला तो कार्टूनमधून आणि चिप्सच्या पुड्यांतल्या टॅझोंमधून; देवाणघेवाण तीच, तारेविना. २००३ च्या ‘फायनल फँटसी क्रिस्टल क्रॉनिकल्स’नं कळस केला: चौघांना हातात धरायची चार गेमबॉय यंत्रं आणि चार तारा. खर्च पाहता तो आपल्या वाट्याला येणं शक्यच नव्हतं, पण त्यातली एक युक्ती मला फार आवडते. हवा विषारी, एका चषकाभोवतीच्या वर्तुळात तेवढा श्वास घेता येतो, आणि तो चषक कुणीतरी वाहायचा. वाहणाऱ्याला लढता येत नाही. कुणी वाहायचं हे चौघांनी ठरवायचं.

मग ‘मॉन्स्टर हंटर’ (२००४), जो सोनीच्या हातात धरायच्या पीएसपी यंत्रावर आल्यावर जपानात साथीसारखा पसरला. इंटरनेट नको, चारजण जवळ बसले की झालं. त्याचा नियम कडक: शिकारीला ५० मिनिटं, आणि सगळ्यांत मिळून तीन वेळा कोसळलात की मोहीम फसली. इथं लिंबूटिंबूला सूट नाही. त्याचं मरण सगळ्यांच्या खात्यावर. २०१२ च्या अखेरीस पीपीएसएसपीपी हा एम्युलेटर निघाला आणि पीएसपीचे खेळ साध्या फोनवर चालू लागले. पुढं हॉटस्पॉटवर फोन एकमेकांना जोडताही येऊ लागले. तळेगाव ते पुणे लोकलला पाऊण तासाच्या वर लागतो. एक शिकार त्यात बसते, बसायला जागा मिळाली तर.

या साऱ्यांत भिडू ओळखीचा होता. ते बदललं फेब्रुवारी २००९ मध्ये, ‘डीमन्स सोल्स’नं. त्याचे दिग्दर्शक हिदेताका मियाझाकी यांनी कल्पना कुठून सुचली ते सांगितलं आहे. बर्फाच्या चढावर गाड्या घसरत होत्या. मागच्या गाडीनं पुढचीला रेटत रेटत त्या वर निघाल्या. त्यांचीही निघाली, पण थांबलो तर पुन्हा अडकू म्हणून आभार मानायला थांबता आलं नाही, आणि ती माणसं परत भेटली नाहीत. खेळात तेच केलं. जमिनीवर खूण उमटवून ठेवायची; दूरचा कुणी अनोळखी ती पाहून तुम्हाला बोलावतो, मोठा राक्षस मारेपर्यंत तुम्ही त्याच्या जगात, राक्षस मेला की आपोआप परत. बोलायची सोय नाही, फार तर हातवारे. बोरघाटाच्या प्रवाशांना हे समजावायला नको. कर्जतला गाडी थांबते, वडा खाऊन होईतो मागं बँकर इंजिनं लागलेली असतात, १:३७ चा चढ ती रेटतात आणि लोणावळ्याला सुटून मागं फिरतात. पुढच्या डब्यातल्याला ती दिसतही नाहीत.

३० मे २०२५ ला ‘डीमन्स सोल्स’ काढणाऱ्या फ्रॉमसॉफ्टवेअर कंपनीचा ‘एल्डन रिंग नाइटरेन’ आला. तो मुळात मिळून खेळण्यासाठीच रचलेला: तिघांनी खेळा, नाहीतर एकट्यानं. दोघांसाठी सोयच नव्हती! दोन मित्र असतील तर तिसरा म्हणून यंत्र जो कुठला अनोळखी पकडून देईल तो घ्यायचा, आणि तो पहिल्याच पडझडीत खेळ सोडून गेला तर कपाळाला हात लावायचा. ओरड झाली, आणि जुलैअखेरच्या अपडेटमध्ये दोघांचा खेळ सुरू झाला.